खालच्या शिवारातलं पाणी सोडायचं कुठं? कृष्णाकाठच्या एका ग्रामपंचायतीचं प्रकरण

सांगली जिल्ह्यातल्या कृष्णाकाठच्या एका बागायती गावाची ही हकिकत आहे. गावाचं आणि माणसांची नावं मुद्दाम दिलेली नाहीत. ओळख पटू नये म्हणून काही तपशील मोघम ठेवले आहेत, घटनांचा क्रम मात्र तोच आहे. पंचायत सदस्यांच्या प्रशिक्षणाच्या निमित्ताने या गावाशी माझा संबंध आला आणि पुढे काम संपेपर्यंत टिकला. क्षारपड, म्हणजे क्षार साठून नापीक झालेल्या, जमिनीबद्दल शेतीच्या अंगाने पुष्कळ लिहिलं जातं. ग्रामपंचायतीच्या अंगाने जवळजवळ काहीच लिहिलं जात नाही, म्हणून हे लिहितो आहे.

पार्श्वभूमी

गाव पाच-सहा हजार वस्तीचं. नदीवर कोल्हापूर पद्धतीचा बंधारा आहे. पावसाळा सरला की बरगे (बंधाऱ्याच्या गाळ्यांत बसवायच्या फळ्या) घालतात, मग पुढचा पावसाळा येईपर्यंत वरच्या बाजूला नदी तुडुंब भरलेली असते. त्याच फुगवट्यात गावाची पिण्याच्या पाण्याची जॅकवेल (नदीचं पाणी उचलायची विहीर) आहे आणि दोन सहकारी पाणीपुरवठा संस्थांच्या मोटरीही तिथेच बसवल्या आहेत. कोयनेचं पाणी कऱ्हाडच्या संगमावरून खाली येतं, त्यामुळे उन्हाळ्यातही नदी कोरडी पडत नाही. पाण्याची आकारणी एकरावर होते. किती पाणी घेतलं हे कुणी मोजत नाही. पाळी आली की सरी भरून वाहेपर्यंत पाणी, आणि रात्रीची वीज असेल तर पहाटेपर्यंत मोटर चालूच.

जमीन काळी, खोल, चिकण. अशा जमिनीत पाणी पटकन मुरतही नाही आणि मुरलेलं लवकर निघतही नाही. त्यात पीक एकच, आडसाली ऊस आणि त्यामागून खोडवा, म्हणजे तोडलेल्या उसाच्या बुडख्यातून फुटलेलं पुढचं पीक. वरच्या शिवारातलं जादा पाणी वर्षानुवर्षं हळूहळू खाली झिरपत राहिलं. खालच्या शिवाराच्या मधोमध एक ओढा नदीकडे जातो. त्याच्या दोन्ही अंगांना १९९०च्या सुमारास क्षारांचे पहिले चट्टे दिसले, असं जुने लोक सांगतात. २०१८ पर्यंत त्या चट्ट्यांचा सलग पट्टा झाला होता.

एप्रिलच्या एका दुपारी त्या पट्ट्यात आम्ही खड्डा घेतला. वर पांढरा पापुद्रा होता, पाय टाकला की कुरकुरत मोडायचा. ढेकूळ फोडलं तर आतून ओलं. जेमतेम अडीच फूट खणल्यावर खड्ड्याच्या कडांतून पाणी पाझरायला लागलं, आणि चहा पिऊन परत येईपर्यंत तळाशी वीतभर साचलंही. बांधावर पाणकणीस आणि वेडी बाभूळ. ज्या रानात एकेकाळी एकरी साठ-सत्तर टन ऊस निघायचा, तिथे आता लागणीचे कोंबही धड उगवत नव्हते. मालकाने वर पाहिलं नाही. त्याच्या वडिलांनी पहिल्यांदा मोटरचं पाणी याच रानात आणलं होतं.

प्रश्न नेमका काय होता

जमिनीखालचं पाणी पृष्ठभागाच्या फार जवळ आलं की ते केशाकर्षणाने वर चढतं, उन्हाने उडून जातं आणि क्षार मागे ठेवतं. माती परीक्षणात विद्युत वाहकता मीटरला ४ डेसीसायमनच्या वर आली की जमीन क्षारयुक्त धरतात. सामू (पीएच) ८.५ च्या वर आणि विनिमययोग्य सोडियम १५ टक्क्यांच्या वर गेला तर ती चोपण. या गावात दोन्ही प्रकारची रानं शेजारी शेजारी होती. चोपण जमिनीला जिप्सम लागतं. पण खालून पाणी निघायला वाट नसेल तर जिप्सम टाकून काही साधत नाही, कारण सुटलेला सोडियम जाणार कुठे? कित्येकांनी स्वतःच्या खर्चाने जिप्सम, प्रेसमड (साखर कारखान्यातली मळी), शेणखत असं सगळं करून पाहिलं होतं. दोन वर्षांनी रान पुन्हा पहिल्यासारखंच.

म्हणजे मूळ दुखणं निचऱ्याचं होतं, आणि निचऱ्याला सातबाऱ्याच्या हद्दी कळत नाहीत. एकाने पाइप घातले तर पाणी पुढच्याच्या रानात. पुढच्याने चर काढली तर ती ओढ्यापर्यंत पोचली पाहिजे, आणि ओढाच नावापुरता उरला होता. दोन्ही बाजूंनी ऊस थेट पात्रापर्यंत आला होता. एका ठिकाणी वाटेसाठी भराव टाकून खाली दोन बारीक सिमेंटचे पाइप घातले होते, ते गाळाने बंद झाले होते.

ग्रामपंचायतीचं पहिलं उत्तर अपेक्षित होतं: शेतजमीन खासगी आहे, आमचा निधी तिथे खर्च करता येत नाही. हे खरंच होतं. अडचण एवढीच की ओढा कुणाचाच खासगी नव्हता. महसूल संहितेप्रमाणे नदी-नाले शासनाचे. रस्ते आणि पाणंदी पंचायतीच्या ताब्यात. पिण्याचं पाणी तर पंचायतीचं पहिलं काम. या तीन गोष्टींचा निर्णय झाल्याशिवाय शेतातला एक फूट पाइपही उपयोगाचा नव्हता.

समोर असलेले पर्याय

पहिला पर्याय ज्याचं त्याने बघायचं. आपल्या रानात पाइप घालायचे, कोपऱ्यात हौद करायचा आणि मोटरने पाणी उपसून टाकायचं. दोघा मोठ्या शेतकऱ्यांनी हे केलंही होतं. लहान खातेदाराला ते परवडत नाही, आणि उपसलेलं पाणी शेवटी शेजाऱ्याच्याच पाटात जातं.

दुसरा, उघड्या चरी. खर्च कमी, पण चरीत जमीन जाते, दर पावसाळ्यात कडा ढासळतात आणि वर्षा-दोन वर्षांत लव्हाळ्याने भरून जातात. गावात जुन्या चरींचे अवशेष होते, त्यामुळे यावर कुणाचाच विश्वास नव्हता.

तिसरा पर्याय कागदावर सर्वांत शहाणपणाचा: पाणीच कमी द्यायचं. ठिबक, पाणी मोजून आकारणी, उसानंतर एखादं हंगामी पीक. यात मेख अशी की पाणी जादा देणारा वरच्या शिवारात आणि भोगणारा खालच्या. वरच्याला बदलण्याची काहीच निकड नव्हती. पाणीपुरवठा संस्थेच्या सभेत विषय निघाला आणि लगेच बाजूला पडला. शिवाय नवं पाणी कमी केल्याने साठलेले क्षार जात नाहीत, ते धुऊन बाहेर काढावेच लागतात.

चौथा, सामूहिक बंदिस्त निचरा. जमिनीखाली साधारण चार फुटांवर सच्छिद्र पाइपांच्या ओळी, त्यांचं पाणी एका मुख्य पाइपात, आणि मुख्य पाइप शिवाराबाहेर. कसबे डिग्रजच्या कृषी संशोधन केंद्राने या तंत्रावर बरीच वर्षं काम केलेलं आहे, आणि शेजारच्या शिरोळ तालुक्यात साखर कारखान्याच्या पुढाकाराने मोठ्या क्षेत्रावर ते झालेलं आहे. गावातले लोक जाऊन पाहून आले. खर्च एकरी लाखाच्या घरात जात होता. कारखाना हमी घेऊन ऊस बिलातून हप्ते कापायला तयार झाला, आणि तंत्राचा प्रश्न जवळपास सुटला.

राहिला तो शेतकऱ्यांच्या पहिल्याच बैठकीत एका वयस्क खातेदाराने सरपंचबाईंना विचारलेला प्रश्न: “ताई, माझ्या रानातनं पाईप न्यायला माझी ना न्हाई. पर पाणी कुठं सोडणार ते आदी सांगा.”

पहिला निर्णय: पाइपाचं तोंड कुठे काढायचं

सरळ उत्तर होतं ओढा. सर्वांत जवळ, सर्वांत स्वस्त. आराखडाही तसाच झाला होता. तो अडला महिला सभेत.

नियमाप्रमाणे ग्रामसभेआधी महिलांची सभा घ्यायची असते. बऱ्याच गावांत ती रजिस्टरवरच होते. इथे सरपंच बाई होत्या, २०१७च्या कायद्याने थेट जनतेतून निवडून आलेल्या, आणि सदस्यांत बहुमत विरोधी गटाचं. आपल्या बाजूला माणसं हवीत म्हणून त्यांनी महिला सभा मनापासून घेतली. तिथे बचत गटाच्या एका बाईंनी हिशोब मांडला: ओढा नदीला मिळतो तो जॅकवेलच्या वरच्या अंगाला. उन्हाळ्यात बरगे घातलेले, नदीला ओढ नाही. मग जमिनीतून धुऊन काढलेलं मीठ आपण पिणार का?

मला वाटतं, सगळ्या प्रकरणातला हा सर्वांत मोलाचा क्षण होता. इतके दिवस आराखडा शेतकरी, कारखाना आणि अभियंता यांच्यात फिरत होता. पाणी भरणारं माणूस त्यात कुठेच नव्हतं.

पंचायतीच्या जलसुरक्षकाने (पाण्याचे नमुने घेणाऱ्या माणसाने) नमुने घेतले आणि जिल्ह्याच्या प्रयोगशाळेत पाठवले. खड्ड्यांतल्या पाण्यातले विरघळलेले क्षार पिण्याच्या पाण्याच्या मानकातल्या कमाल मर्यादेच्या, म्हणजे लिटरला २,००० मिलिग्रॅमच्या, बरेच वर होते. नायट्रेटही ४५ मिलिग्रॅमच्या मर्यादेबाहेर गेलेलं, युरियाच्या पोत्यांचा तो हिशोब. जॅकवेलचं पाणी तेव्हा ठीक होतं, आणि ते तसंच राहायला हवं होतं.

मग दुसरी वाट शोधली. मुख्य पाइप पाणंदीच्या कडेने न्यायचा आणि बंधाऱ्याच्या खाली नदीत सोडायचा. लांबी वाढली, खर्च वाढला, पुरुष मंडळी नाराज झाली. पण मोजमाप घेतल्यावर अभियंत्याच्या लक्षात आलं की ओढ्यात काढलेलं तोंड बंधाऱ्याच्या फुगवट्यामुळे वर्षातले सात-आठ महिने पाण्याखालीच राहिलं असतं. खालच्या बाजूला नदीची पातळी कमी, म्हणून तोंड मोकळं राहतं आणि पाणी मोटरीशिवाय आपोआप वाहतं. पिण्याच्या पाण्यासाठी घेतलेली हरकत निचऱ्यालाही तारून गेली. ती सभा कागदोपत्री उरकली असती, तर लाखो रुपयांचे पाइप पाण्यात बुडून बसले असते.

ओढा मात्र सोडून चालणार नव्हता. पावसाचं वरचं पाणी ओढ्यातून आणि जमिनीखालचं पाइपातून, असे दोन्ही रस्ते मोकळे हवे होते.

दुसरा निर्णय: ओढ्याचा ठराव

ऑगस्ट २०१९ मध्ये महापूर आला. सांगलीत आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेलं, धोक्याची पातळी ४५ फूट आहे. गावाचं खालचं शिवार बुडालं. नदी उतरल्यावरही ओढ्याकाठच्या रानात पाणी कितीतरी दिवस कुजत राहिलं, कारण ते जायला वाटच नव्हती. लोकांच्या मनात ओढा आला तो तेव्हा.

२ ऑक्टोबरच्या ग्रामसभेत अतिक्रमण काढून ओढा मोकळा करण्याचा ठराव ठेवला. गणपूर्ती झाली नाही. मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० माणसं लागतात, तेवढीही जमली नाहीत. सभा तहकूब केली. तहकूब सभेला गणपूर्तीची अट नसते, तिच्यात तोच ठराव मंजूर करून टाकला.

कायद्याने हे बरोबर होतं, पण यामुळेच एक हंगाम वाया गेला. ओढ्यालगतच्या सात-आठ खातेदारांत उपसरपंचांचे भाऊबंदही होते. त्यांनी तहसीलदारांकडे हरकत घेतली: आम्हाला नोटीस नाही, मोजणी नाही, मूठभर लोकांनी रिकाम्या सभेत आमच्या रानाचा निकाल लावला. शेवटचं वाक्य चुकीचं म्हणता येत नव्हतं.

सरपंचांकडे तेव्हा दोन वाटा होत्या. मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ खाली पाण्याच्या नैसर्गिक प्रवाहातला अडथळा दूर करण्याचा अधिकार तहसीलदारांना आहे. खालच्या शेतकऱ्यांनी दावा लावायचा आणि निकाल घेऊन मशीन घालायचं, ही एक. दुसरी, ठराव पुन्हा घ्यायचा. ग्रामसेवक भाऊसाहेबांचा कल पहिल्या वाटेकडे होता. सरपंचांनी दुसरी निवडली. भूमी अभिलेख कार्यालयाकडून ओढ्याची मोजणी करून हद्दीच्या खुणा रोवल्या. लगतच्या प्रत्येक खातेदाराच्या घरी जाऊन नकाशा दाखवला. २०२०च्या सुरुवातीला विशेष ग्रामसभा झाली, तिला मंदिराचा मंडप पुरला नाही.

ठरावात एक अट घातली होती आणि माझ्या मते तिनेच काम झालं: उभा ऊस काढायचा नाही. गाळप हंगामात तोड होऊ द्यायची, मोळी कारखान्याला जाऊ द्यायची, आणि खोडवा न ठेवता एप्रिल-मेमध्ये पोकलेन घालायचं. अतिक्रमण करणाऱ्याचंही पीक त्याच्या पदरात पडलं. उपसरपंचांच्या घरच्यांनी पहिली खूण स्वतः मान्य केल्यावर बाकीच्यांचा विरोध मावळला.

मग करोना आला, टाळेबंदी लागली आणि ग्रामसभाच थांबल्या. काम प्रत्यक्ष सुरू व्हायला २०२१चा उन्हाळा उजाडला.

प्रत्यक्ष काम

रोजगार हमीतून ओढा करता येईल का, हे पाहिलं होतं. त्या वर्षीचा दर दिवसाला २४८ रुपये, उसाच्या रानात त्याहून जास्त मिळतात, आणि हमीच्या कामावर मशीन चालत नाही. जलयुक्त शिवारमध्ये नाला खोलीकरण झालं, पण ती योजना टंचाईच्या गावांची. पाण्याने जमीन गेलेल्या गावासाठी कुठलाच रकाना नव्हता. शेवटी कारखान्याने पोकलेन दिलं आणि डिझेल शेतकऱ्यांच्या वर्गणीतून आलं. पंधराव्या वित्त आयोगाच्या अबंधित निधीतून पंचायतीने भराव काढून तिथे मोठी मोरी बांधली. रस्ता पंचायतीचा, त्यामुळे त्या खर्चावर हरकत निघाली नाही.

जुलै २०२१ मध्ये पुन्हा पूर आला. यावेळी नदी उतरली तसं ओढ्याकाठचं पाणीही उतरलं.

पाइपांचं काम २०२२च्या उन्हाळ्यात झालं. पन्नासएक खातेदार सहभागी झाले. मुख्य पाइप पाणंदीच्या कडेने नेण्याची परवानगी ग्रामसभेने आधीच दिली होती. ही परवानगी नसती तर प्रत्येक गटातून वाट मागत फिरावं लागलं असतं आणि एकाच्या नकाराने सगळं अडलं असतं. पंचायतीने जमीन सुधारण्यावर एक रुपयाही खर्च केला नाही. तिने पाण्याला जायला जागा दिली.

दोन खातेदार शेवटपर्यंत आले नाहीत. एक पुण्यात राहतो, रान वाट्याने दिलेलं. दुसऱ्याचा भावकीचा वाद कोर्टात.

निष्पत्ती

पहिल्या पावसाळ्यात तोंडातून पाणी सुरू झालं तेव्हा ते पाहायला गाव लोटलं. पाणी नितळ दिसत होतं, जिभेवर घेतलं की खारट. शेतकऱ्यांनी हिरवळीच्या खतासाठी धैंचा पेरून गाडला. चोपण रानात जिप्सम टाकलं, यावेळी ते लागू पडलं. पुढच्या वर्षी काहींनी सोयाबीन आणि गहू घेतला, मग क्षार सहन करणारी फुले २६५ उसाची लागण केली. टन जुन्या काळासारखे नाहीत. पण रान वाफशावर येतं, नांगर चालतो, उगवण होते. ज्यांनी सातबारा विकायला काढला होता, त्यांतल्या बहुतेकांनी विचार सोडला. जॅकवेलच्या पाण्यात फरक पडलेला नाही. उन्हाळ्यात नमुना तपासायचाच, हा आग्रह महिलांनी धरून ठेवला आहे.

न आलेल्या दोघांची रानं अजून चिबड, म्हणजे पाणी धरून बसलेली, आहेत आणि लगतच्या सऱ्यांनाही ओल धरतात. वरच्या शिवारात पाणी देण्याची पद्धत तीच आहे, आकारणी आजही एकरावर. निचरा चालू आहे म्हणून पाणी कमी द्यायचं कारण नाही, असंही आता काही जण बोलतात. त्याची मला फार काळजी वाटते.

काय वेगळं करता आलं असतं

तहकूब सभेत ठराव घ्यायला नको होता, हे उघड आहे. सगळ्यांच्या रानाशी संबंध असलेल्या विषयाला भरलेली सभा लागते, मग त्यासाठी महिनाभर थांबावं लागलं तरी चालेल.

देखभालीचं कुणी लिहून ठेवलं नाही. मुख्य पाइपावर ठरावीक अंतराने चेंबर आहेत, त्यांत गाळ बसतो. तोंडावर झडप हवी होती, पुराचं गढूळ पाणी उलटं आत शिरू नये म्हणून. ती खर्चात काटली गेली. शेतकरी गट म्हणतो पाणंद पंचायतीची. पंचायत म्हणते पाइप तुमचे. २०२२च्या अखेरीस पंचायतीची मुदत संपली, नवे सदस्य आले आणि त्यांच्यासमोर या सगळ्याचा एकही कागद नव्हता. परवानगीच्या ठरावातच साफसफाई कुणी, कधी आणि कुणाच्या पैशाने करायची हे येऊ शकलं असतं. बिलातून कापल्या जाणाऱ्या हप्त्यात टनाला थोडे रुपये देखभालीचे धरले असते तर ते कुणाच्या डोळ्यांवर आले नसते. हप्ते फिटत आल्यावर नवी कपात लावणं आता फार अवघड आहे.

पाणीपुरवठा संस्थांशी बोलणी कामाच्या आधी व्हायला हवी होती. वरचे आणि खालचे बरेच खातेदार एकाच संस्थेचे सभासद आहेत. मुख्य पाइपाला जागा देताना पंचायतीकडे बोलण्याचं बळ होतं, काम झाल्यावर ते गेलं.

आणि सगळ्यांत मोठी गोष्ट. बंधाऱ्याखाली सोडलेलं पाणी पुढे दुसऱ्या गावाला जातं. आपल्या जॅकवेलचा विचार झाला, तसा त्यांच्या घाटाचा आणि त्यांच्या विहिरींचा झाला नाही. त्या गावाला आधी कुणी विचारलं नाही, साधं पत्रही गेलं नाही. पावसाळ्यात नदी वाहती असते, तेव्हा प्रश्न नसतो. मार्चनंतर बंधाऱ्याखाली पाणी थोडं असतं आणि निचऱ्याचं चालूच राहतं. त्या काळात तोंड बंद ठेवून पावसाळ्यात उघडता येईल अशी सोय तांत्रिकदृष्ट्या अवघड नव्हती, त्यासाठी आराखड्याच्या वेळी दोन्ही गावं एकत्र बसायला हवी होती. खालच्या गावच्या सरपंचांनी आता लेखी तक्रार केली आहे आणि दोन्ही ठिकाणच्या नमुन्यांची मागणी केली आहे. ही मागणी रास्त आहे. दोन्ही पंचायतींची पहिली संयुक्त बैठक बरगे काढण्याआधी घ्यायचं ठरलं आहे, आणि तिला दोन्ही गावच्या महिला सभांचे प्रतिनिधी असतील.